मोहर माझ्याकडे होती

भुंतरच्या पुलापलीकडे माझं पंक्चरचं दुकान.
पहाटे साडेचारला नाकाबंदी,
आणि शटर अर्धं उघडलेला माणूस मी एकटाच.
एएसआय हेतराम म्हणाले, "डाबेराम, दोन मिनिटं ये."
त्या दोन मिनिटांना आता पाच वर्षं होतील.

मुलगा नेपाळी. जाजरकोटचा. पदम रोकाया.
त्याला कागदावरून वाचून दाखवलं:
तुझी झडती राजपत्रित अधिकाऱ्यापुढे
किंवा दंडाधिकाऱ्यापुढे व्हावी, हा तुझा हक्क आहे.
त्यानं माझ्याकडे पाहिलं. म्हणजे काय, म्हणाला.
आणि मी, सातवी नापास, सांगितलं,
"सही कर, थंडी फार आहे."

अंगावर त्याच्या काही नव्हतं.
बसचं तिकीट, आणि एका फोन नंबराची चिठ्ठी.
जे होतं ते सॅकमध्ये.
पुढं कळलं, कायद्यात अंग वेगळं, पिशवी वेगळी;
तो हक्क अंगापुरता.
पदम ती सॅक उशाला घेऊन झोपला होता,
पट्ट्याचा वळ त्याच्या गालावर मी पाहिला.

माल होता. खोटं कशाला बोलू.
काळ्या कांड्या, वास आठवडाभर नाकातून गेला नाही.
तराजू निरंजनलालच्या किराणा दुकानातला,
ज्याच्यावर राजमा घेताना माझी बायको नेहमी भांडते.
एक किलो चाळीस ग्रॅम.
किलोच्या आत असतं तर गोष्ट निराळी, कुणीतरी पुटपुटलं.
प्लास्टिक काढून तोललं की प्लास्टिकसकट,
कुणी विचारलं नाही. मीही नाही.

मग कापड, सुई, दोरा, लाख.
टी अक्षराची पितळी मोहर, नऊ ठिकाणी.
काम झाल्यावर ती माझ्या तळहातावर ठेवली, अजून कोमट:
"ही तू सांभाळ. आमच्याकडे राहिली तर
लोक म्हणतील, पोलिसांनी पुडकं पुन्हा उघडलं."
मला जरा बरं वाटलं.
सरकारनं पहिल्यांदाच काहीतरी माझ्या भरवशावर ठेवलं होतं.

व्हॉल्व्हच्या डब्यात ठेवली.
धाकटी फुलमा ती पिठावर उमटवायची,
वाफेवरून उतरलेल्या प्रत्येक सिड्डूवर टी.
सातव्या दिवशी शिपाई आला.
"एका रात्रीपुरती दे, सकाळी आणतो."
दिली.
सकाळी आणली.
वर चहाला वीस रुपये ठेवून गेला, ते मी मागितले नव्हते.

कोर्टात पदमला ओळखायला वेळ लागला.
दाढी आलेली, आणि आता त्याला
हक्क हा शब्द आमच्यापेक्षा चांगला बोलता येत होता.
त्याच्या वकील नेगीबाईंनी विचारलं, "मोहर आणलीत?"
खिशातून काढली. अक्षराच्या खाचेत पिठाचा कण.
"त्या पहाटेपासून सतत तुमच्याच ताब्यात?"

ट्यूब पाण्यात धरतो तेव्हा गाडीवाला वर उभा असतो,
भोक नसावं असं त्याला वाटत असतं.
मलाही वाटतं कधी, उशीर झालेला असला की.
पण बुडबुडा यायचा तो येतो.

"एक रात्र नव्हती," मी म्हणालो.

सरकारी वकील ताडकन उठले.
मला फितूर ठरवलं.
कुणाला फितूर, ते नोंदीत नाही.
हेतराम शेवटच्या बाकावर बसले होते,
त्यांनी टोपी या गुडघ्यावरून त्या गुडघ्यावर ठेवली.

माल होता, हे मी तेव्हाही सांगितलं.
रात्र नव्हती, हेही.
दोन्ही एकाच पानावर टंकलेलं आहे,
खाली सही माझी, तिसऱ्यांदा करायला लावलेली,
पहिल्या दोन जुळत नव्हत्या म्हणून.

निकाल पुढच्या तारखेला.
मोहर कोर्टानं ठेवून घेतली.
फुलमा विचारते, आता सिड्डूवर काय उमटवायचं?
व्हॉल्व्हचं झाकण दिलंय तिला.
नुसता गोल येतो.